माजी सैनिकाचं ओळखपत्र नव्याने काढताना: आधी रेकॉर्ड, मग कार्ड

जुनं कागदी ओळखपत्र घडीवर फाटलं, फोटो ओळखू येईनासा झाला, पत्ता बदलला, किंवा नवरा गेला आणि आता विधवा म्हणून वेगळं कार्ड हवं. कारण कोणतंही असो, जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाची पायरी चढणाऱ्याची समजूत एकच असते: जुनं दाखवायचं, फोटो द्यायचे, नवं घेऊन यायचं. ज्यांच्या सगळ्या कागदांवर एकच नाव आणि एकच जन्मतारीख आहे त्यांचं काम खरंच इतकं सोपं आहे. बाकीच्यांची फाइल अडते, आणि ती कार्डावर नाही तर एखाद्या जुन्या नोंदीवर अडते. सैन्याच्या सेवा-नोंदीत, म्हणजे रेकॉर्डमध्ये, जे आहे तेच कार्डावर छापलं जातं. म्हणून या लेखात अर्ज भरण्यापेक्षा अर्जाच्या आधी काय करायचं यावर जास्त लिहिलं आहे.

कोणतं कार्ड, कुणाकडून

नोकरीत असलेल्या जवानाचं ओळखपत्र त्याच्या युनिटकडून मिळतं, तिथेच बदलून मिळतं आणि घरी येताना तिथेच जमा होतं. त्याचा इथे संबंध नाही. पेन्शनवर आल्यावर मिळतं ते माजी सैनिक ओळखपत्र. ते देण्याचं काम जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाचं. गावाकडे अजूनही त्याला 'सैनिक बोर्ड' किंवा नुसतं 'वेल्फेअर' म्हणतात. राज्यातली ही सगळी कार्यालयं सैनिक कल्याण विभागाच्या हाताखाली येतात. त्याचं मुख्यालय पुण्यात आहे. देशपातळीवर दिल्लीत केंद्रीय सैनिक बोर्ड.

घरात बहुधा तीन कार्डं असतात: हे ओळखपत्र, ईसीएचएसचं (माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेचं) औषधोपचाराचं कार्ड आणि सवलतीत सामान मिळणाऱ्या लष्करी कँटीनचं कार्ड. तिन्हींचा कारभार वेगवेगळा आहे. एका ठिकाणी पत्ता किंवा नाव बदललं म्हणून दुसरीकडे ते आपोआप बदलत नाही. 'वेल्फेअरला दिलं होतं की सगळं' हे वाक्य ईसीएचएसच्या दवाखान्याच्या, म्हणजे पॉलिक्लिनिकच्या, खिडकीवर उपयोगी पडत नाही.

आणखी एक गोष्ट आधीच सांगितलेली बरी, म्हणजे कुणाचा हेलपाटा वाचेल. सीआरपीएफ, बीएसएफ, सीआयएसएफ, आयटीबीपी ही केंद्रीय पोलीस दलं गृह मंत्रालयाची. तिथून निवृत्त झालेल्यांना हे ओळखपत्र मिळत नाही. त्यांची कल्याणाची यंत्रणा आणि कँटीनही वेगळं. पेन्शनला पात्र होण्याआधी स्वतःच्या विनंतीवरून नोकरी सोडलेलेही साधारणपणे माजी सैनिकाच्या व्याख्येत बसत नाहीत. २०२२ च्या अग्निपथ योजनेतून भरती होऊन चार वर्षांनी बाहेर पडणाऱ्या अग्निवीरांना योजनेच्या अटींनुसार माजी सैनिकाचा दर्जा नाही. नियम योग्य की अयोग्य हा वाद वेगळा. कार्यालयातल्या लिपिकाशी तो घालून काही हाती लागत नाही.

घरी बसून करायची पहिली तपासणी

डिस्चार्ज बुक (नोकरी संपताना मिळालेलं सेवेच्या नोंदींचं पुस्तक), पीपीओ (पेन्शन मंजुरीचा आदेश), आधार, पॅन आणि बँकेचं पासबुक एका टेबलावर शेजारी शेजारी मांडा. बायकोचं आधार आणि पॅनही ठेवा. कोऱ्या कागदावर प्रत्येक कागदावरचं नाव अक्षरन् अक्षर इंग्रजीत उतरवा, त्यापुढे जन्मतारीख आणि नात्यातल्या माणसांची नावं. याला अर्धा तास लागतो. तो टाळला की पुढे महिने जातात.

तफावती कुठे सापडतात याचा आपल्याकडे एक ठरलेला साचा आहे. पुरुषांच्या बाबतीत आडनाव आधी की शेवटी, वडिलांचं नाव आहे की फक्त आद्याक्षर, आणि 'राव' जोडलेला की सोडलेला. भरतीच्या वेळी जे नाव लिहिलं गेलं ते तसंच वीस-पंचवीस वर्षं चालत राहतं, कारण युनिटमध्ये माणूस नंबर आणि आडनावानेच ओळखला जातो.

खरी गुंतागुंत बायकांच्या नावात आहे. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर माहेरचं नाव. लग्नात अक्षतांबरोबर पहिलं नावही बदललेलं. रेशन कार्डावर सासरचं नाव, त्यापुढे 'बाई'. आधार काढताना ऑपरेटरने ऐकलं तसं लिहिलेलं. आणि नवऱ्याने लग्नानंतर युनिटमध्ये जाऊन जे सांगितलं ते पार्ट टू ऑर्डरमध्ये, म्हणजे अशा बदलांची नोंद करणाऱ्या अधिकृत आदेशात, छापलेलं. कधी माहेरचं, कधी सासरचं, कधी घरात हाक मारायचं नाव. बाई एकच, कागदावर तीन. नवरा हयात आहे तोवर हे कुणाला खुपत नाही. फॅमिली पेन्शनची वेळ आली की प्रत्येक खिडकीवर विचारलं जातं की ही सुमन म्हणजेच ती लक्ष्मी कशावरून.

जन्मतारखेचंही तसंच. शाळेत नाव घालताना गुरुजींनी टाकलेला १ जून महाराष्ट्रातल्या निम्म्या पिढीचा वाढदिवस आहे. शाळेच्या दाखल्यावर १ जून, आधारवर १ जानेवारी, लष्करी नोंदीत नुसतं साल. पतीच्या नोंदीतली पत्नीची जन्मतारीख विशेष जपून पाहा. वयाच्या ८० वर्षांनंतर फॅमिली पेन्शनमध्ये जी वाढ मिळते ती याच तारखेवरून ठरते.

हुद्द्याकडेही लक्ष द्या. हवालदार म्हणून घरी आलेल्या अनेकांना नंतर मानद नायब सुभेदार हा हुद्दा मिळतो. मानद हुद्द्यांची घोषणा २६ जानेवारी आणि १५ ऑगस्टला होते. डिस्चार्ज बुकात मात्र हवालदारच राहिलेलं असतं. कार्डावर मानद हुद्दा हवा असेल तर त्याचं पत्र किंवा त्यानुसार दुरुस्त झालेला पीपीओ दाखवावा लागतो. तोंडी सांगून तो छापला जात नाही, आणि छापला जाऊही नये.

तफावत निघाली तर कोणतं टोक सोडवायचं

इथे बहुतेकजण घाईने आधार केंद्र गाठतात. थांबा. आधारवर नाव आयुष्यात दोनदाच आणि जन्मतारीख एकदाच बदलता येते. त्या संधी रेकॉर्ड नक्की काय म्हणतं हे बघितल्याशिवाय खर्च करू नका.

डिस्चार्ज बुक आणि पीपीओवरचं नाव बरोबर असेल आणि फक्त आधार किंवा पॅन चुकलं असेल, तर आधार बदलणं सोपं. रेकॉर्डशी तंतोतंत जुळेल असं नाव लिहून द्या, स्पेलिंगसकट. रेकॉर्डमध्येच चूक असेल तर जिल्हा कार्यालय ती स्वतः दुरुस्त करू शकत नाही. ते तुमचा अर्ज शिफारशीसह पुढे पाठवतं. दुरुस्ती होते रेकॉर्ड ऑफिसात, म्हणजे आपल्या रेजिमेंटच्या किंवा दलाच्या नोंदी ठेवणाऱ्या कार्यालयात.

कोणाचं रेकॉर्ड ऑफिस कुठे, हे नव्या पिढीला सांगावं लागतं. मराठा लाइट इन्फंट्रीचं बेळगावला. बॉम्बे सॅपर्सचं खडकीला. तोफखान्याचं नाशिक रोडला. महार रेजिमेंटचं मध्य प्रदेशात सागरला. ब्रिगेड ऑफ द गार्ड्सचं कामठीला. आर्मर्ड कोअर आणि मेकॅनाइज्ड इन्फंट्रीचं अहिल्यानगरला. सिग्नल्सचं जबलपूरला, ईएमईचं सिकंदराबादला. नौदलातल्या खलाशांच्या नोंदी मुंबईतल्या ब्युरो ऑफ सेलर्सकडे, हवाई दलातल्या जवानांच्या दिल्लीतल्या एअर फोर्स रेकॉर्ड ऑफिसकडे. अधिकाऱ्यांचं रेकॉर्ड त्या त्या दलाच्या मुख्यालयाकडे असतं.

अर्ज साधा ठेवा. वरच्या ओळीत नंबर, हुद्दा, नाव, युनिट, डिस्चार्जची तारीख. खाली दोन ओळी: रेकॉर्डमध्ये काय आहे आणि काय हवं आहे. सोबत आधार, पॅन, शाळेचा दाखला किंवा विवाह नोंदणी प्रमाणपत्र, आणि दोन्ही नावांची व्यक्ती एकच असल्याचं प्रतिज्ञापत्र. नावात किरकोळ स्पेलिंगचा फरक असेल तर इतक्यावर भागू शकतं. पूर्ण नावच बदललेलं असेल तर वर्तमानपत्रातली जाहिरात किंवा राज्याच्या राजपत्रातली नोंद मागितली जाते. प्रतिज्ञापत्र नोटरीसमोर केलेलं चालेल असं गृहीत धरू नका. अनेकदा दंडाधिकाऱ्यासमोर केलेलंच लागतं, आणि नोटरीचं घेऊन गेल्यावर परत यावं लागतं. रेकॉर्ड ऑफिसला आधी फोन करून कोणत्या नमुन्यात हवं ते विचारून घ्या.

दुरुस्ती मंजूर झाली की पार्ट टू ऑर्डर निघते. त्याची प्रत मागून घ्या आणि डिस्चार्ज बुकातच ठेवून द्या. मग पीपीओची बारी. संरक्षण पेन्शन आता स्पर्श या प्रणालीतून मिळतं आणि त्याचा कारभार प्रयागराजच्या पीसीडीए पेन्शन कार्यालयाकडे आहे. स्पर्शवर लॉगिन करून आपली माहिती बघा. तिथे जुनंच नाव दिसत असेल तर दुरुस्ती पूर्ण झालेली नाही, रेकॉर्ड ऑफिसचं पत्र हातात असलं तरी. लॉगिन जमत नसेल तर सीएससी (सामायिक सेवा) केंद्रात किंवा स्पर्शच्या सेवा केंद्रात हे काम होतं. पासवर्ड मात्र केंद्रवाल्याच्या वहीत लिहून ठेवू नका.

या सगळ्याला वेळ लागतो, आणि तो आपल्या हातात नसतो. म्हणून कार्ड फाटायची वाट न पाहता ही तपासणी आज करून टाकावी असं माझं मत आहे. विशेषतः नवरा हयात असताना. त्याच्या सहीचा एक अर्ज जे करतो, ते नंतर बाईला दहा कागदांनी सिद्ध करावं लागतं.

अर्ज आणि कार्यालयातला दिवस

कागद जुळले की पुढचं काम छोटं आहे. सैनिक कल्याण विभागाच्या महासैनिक पोर्टलवर माजी सैनिकाची नोंदणी आणि अर्जाची सोय आहे. मोबाइल क्रमांक स्वतःचा द्या. नातवाचा किंवा सायबर कॅफेवाल्याचा दिला की पुढचा प्रत्येक ओटीपी त्याच्याकडे जातो. कागद स्कॅन करताना डिस्चार्ज बुकाची फक्त पहिली पानं पुरत नाहीत. कुटुंबाच्या नोंदीचं, सेवेच्या कालावधीचं आणि डिस्चार्जच्या कारणाचं पानही लागतं.

कार्यालयात जाताना मूळ कागद आणि त्यांच्या प्रती दोन्ही न्या: जुनं ओळखपत्र, डिस्चार्ज बुक, पीपीओ, आधार, पॅन, पासबुक, पत्त्याचा पुरावा आणि अलीकडचे फोटो. फोटो साध्या कपड्यातला. गणवेशातला जुना फोटो कितीही रुबाबदार असला तरी माणूस आत्ता जसा दिसतो तसा हवा. जिल्ह्यानुसार एखादा कागद कमी-जास्त लागतो, त्यामुळे निघण्याच्या आदल्या दिवशी फोन करून विचारणं शहाणपणाचं. साहेब दौऱ्यावर आहेत का, तेही त्याच फोनमध्ये विचारा, कारण शेवटची सही त्यांचीच असते.

दुसऱ्या जिल्ह्यातून किंवा राज्यातून येऊन स्थायिक झालेल्यांनी एक गोष्ट लक्षात ठेवावी. तुमची नोंद अजून जुन्या जिल्ह्यात असेल. ती तिथून इकडे वळवून घेतल्याशिवाय नवं कार्यालय कार्ड देणार नाही. पुण्यात पंधरा वर्षं राहणाऱ्या, पण नोंद साताऱ्यातच ठेवलेल्या माणसाला पत्ता बदलून हवा असेल तर आधी साताऱ्याला पत्र.

कार्ड हातात आलं की तिथेच, खिडकीपासून न हलता, वाचा. नाव, नंबर, हुद्दा, जन्मतारीख, पत्नीचं नाव, रक्तगट. चूक तिथल्या तिथे दाखवली तर काम सोपं राहतं. घरी जाऊन महिन्याने सापडली तर पुन्हा अर्ज.

हे कार्ड कशाला लागतं, असं विचारणारेही भेटतात. मुलांची पंतप्रधान शिष्यवृत्ती, केंद्रीय सैनिक बोर्डाच्या आर्थिक मदती, राज्य सरकारच्या नोकरभरतीतलं १५ टक्के आरक्षण, २०२० मध्ये राज्याने जाहीर केलेली घरपट्टीची माफी. या सगळ्यांना नुसतं कार्ड पुरत नाही, जिल्हा सैनिक कल्याण अधिकाऱ्याचं वेगळं प्रमाणपत्रही लागतं. पण ते प्रमाणपत्र मिळायचं तर कार्यालयात तुमची नोंद अद्ययावत असावी लागते. म्हणजे फिरून पुन्हा तिथेच.

ईसीएचएस कार्ड

१ एप्रिल २००३ पासून सुरू झालेल्या या योजनेची कार्डं काही वेळा बदलली आहेत. सध्याचं आहे ते ६४ केबी क्षमतेच्या चिपचं, आणि प्रत्येक लाभार्थ्याचं स्वतंत्र. अर्ज ऑनलाइन होतो, पडताळणी तुमच्या मूळ पॉलिक्लिनिककडून होते. कार्ड येईपर्यंत अर्जाची तात्पुरती स्लिप उपचारासाठी चालते. तिची मुदत संपत आली की ती वाढवून घ्या, आजारी पडायची वाट पाहू नका.

इथे नूतनीकरणापेक्षा पात्रतेचा प्रश्न मोठा. मुलाला २५ वर्षं पूर्ण झाली, तो कमवायला लागला किंवा त्याचं लग्न झालं, यातलं जे आधी होईल तिथे त्याचं कार्ड संपतं. मुलीचं कार्ड लग्न किंवा नोकरीपर्यंत, वयाची अट नाही. दिव्यांग अपत्याला वयोमर्यादा नाही, पण ठरलेल्या प्रमाणातलं अपंगत्वाचं प्रमाणपत्र लागतं. आईवडील सोबत असतील तर त्यांच्या उत्पन्नाची मर्यादा महागाई भत्ता वगळून दोघांची मिळून दरमहा ९,००० रुपये आहे. पोराला नोकरी लागली तरी 'कार्ड चालतंय तोवर चालू दे' असं म्हणणारे बरेच असतात. उघडकीला आलं तर उपचाराचा खर्च वसूल होतो आणि सदस्यत्वही अडचणीत येतं. त्याची शिक्षा पोराला नाही, म्हाताऱ्या आईबापाला भोगावी लागते.

कँटीन कार्डाचं फार लिहिण्यासारखं नाही. जिथे तुमची नोंद आहे त्या कँटीनमधूनच अर्ज होतो. किराणा आणि मद्य यांची कार्डं वेगळी. नवं आल्यावर पिन बदला, आणि कार्डासोबत पिन शेजाऱ्याला देऊ नका. कोटा तो वापरतो, जाब तुम्हाला द्यावा लागतो.

पती गेल्यावर

क्रम महत्त्वाचा आहे. सगळ्यात आधी मृत्यूचा दाखला, पुरेशा प्रतींसह. मग स्पर्शवर आणि रेकॉर्ड ऑफिसला मृत्यूची कळवणी. मग फॅमिली पेन्शन. बँकेतून पतीच्या नावावर येणारं पेन्शन काढत राहू नका. जास्तीची रक्कम पुढे फॅमिली पेन्शनमधून कापली जाते, आणि तेव्हा ती फार जाणवते.

फॅमिली पेन्शन सुरू झाल्यावर विधवा ओळखपत्राचा अर्ज. त्यासाठी पतीचं मूळ ओळखपत्र जमा करावं लागतं. आठवण म्हणून ठेवावंसं वाटतं, हे समजण्यासारखं आहे. आधी त्याचा फोटो काढून ठेवा. पतीचं डिस्चार्ज बुक मात्र कुणालाही मूळ स्वरूपात कायमचं देऊ नका. ते बघून परत मिळायला हवं. ईसीएचएसमध्ये पतीनंतर पत्नी मुख्य सदस्य होते, म्हणून तिचं जुनं कार्ड बदलून घ्यावं लागतं. कँटीनचंही तसंच.

ज्या घरात शिकलेलं कुणी नाही तिथे एजंट याच वेळी उगवतात. यातल्या कुठल्याही कामाला एजंट लागत नाही. जिल्हा कार्यालयात कल्याण संघटक असतात. ते स्वतः माजी सैनिक असतात, आणि गावोगावी जाऊन अशी कामं मार्गी लावणं हा त्यांच्या कामाचाच भाग आहे. 'वहिनी, मी बघतो' म्हणणाऱ्याच्या हाती कोऱ्या कागदावर सही किंवा अंगठा देऊ नका.

हरवलं तर

पोलीस ठाण्यात किंवा पोलिसांच्या संकेतस्थळावर हरवल्याची नोंद करा आणि तिची प्रत घ्या. त्याच दिवशी जिल्हा कार्यालय, पॉलिक्लिनिक आणि कँटीन, तिन्हींना कळवा. पाकीट गेलं असेल तर तिन्ही कार्डं एकदम गेलेली असतात. डुप्लिकेट कार्डासाठी पोलिसांच्या नोंदीबरोबर प्रतिज्ञापत्र लागतं. हरवलेलं नंतर सापडलं तर ते वापरू नका, नेऊन जमा करा.

या कार्डाची प्रत व्हॉट्सॲपवर पाठवण्याची सवय धोक्याची आहे. 'मी आर्मीत आहे, बदली झाली, गाडी स्वस्तात विकतोय' असं सांगून कुणाच्या तरी ओळखपत्राचा फोटो पाठवायचा आणि आगाऊ पैसे उकळायचे, हा फसवणुकीचा जुना प्रकार आहे. तो फोटो कुठून तरी मिळालेलाच असतो. प्रत द्यावीच लागली तर तिच्यावर आडवं लिहा: कशासाठी दिली, कुणाला दिली, तारीख. सैनिक नसताना सैनिकाचं चिन्ह किंवा पोशाख मिरवून लोकांना तसं भासवणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १६८ खाली गुन्हा आहे, तेव्हा भाच्याला 'जरा दाखव आणि सुटून जा' म्हणून आपलं कार्ड देण्याचा उदारपणा करू नका.

शेवटचा मुद्दा टोल नाक्याचा, कारण तिथे रोज वाद होतात. माजी सैनिक ओळखपत्रावर राष्ट्रीय महामार्गावर टोल माफ नाही. परमवीर, अशोक, महावीर, कीर्ती, वीर आणि शौर्य चक्र मिळालेल्यांना सूट आहे, त्यांच्या त्या सन्मानाच्या ओळखपत्रावर. बाकीच्यांनी फास्टॅगमध्ये पैसे ठेवावेत.